अ‍ॅडव्हान्स घेतलाय, पण कुठला?

मागच्या डिसेंबरात आमच्याकडे एक प्रकार झाला तो अजून डोक्यातनं जात नाही, म्हणून आज लिहायला बसलेय. गणपतीपुळ्याजवळ आमचं छोटंसं होमस्टे आहे, चार खोल्या, पुढे अंगण, मागे कलमं, जेवण घरचंच. थर्टीफर्स्टसाठी पुण्याच्या एका कुटुंबाने दोन खोल्या तीन रात्रींसाठी घेतल्या, सगळे मिळून बारा हजार होत होते, त्यातले चार हजार त्यांनी फोनवरून पाठवले आणि मेसेज टाकला, "ताई, अ‍ॅडव्हान्स पाठवलाय, चेक करा." मी लिहिलं, "मिळाला, धन्यवाद." एवढंच. त्यानंतर त्या तारखांसाठी किती जणांचे फोन आले आणि मी सगळ्यांना फुल आहे सांगत बसले. २८ तारखेला रात्री दहा वाजता त्यांचा मेसेज, मुलीला ताप आलाय, येता येणार नाही, अ‍ॅडव्हान्स परत करा.

मी लिहिलं, "दादा, अ‍ॅडव्हान्स परत होत नाही." त्यांनी लिहिलं, "अहो ताई, आम्ही राहिलोच नाही तर पैसे कशाचे? अ‍ॅडव्हान्स म्हणजे आधी दिलेले पैसे, सर्व्हिसच घेतली नाही." माणूस भांडत नव्हता. त्यांना मनापासून तसं वाटत होतं आणि मला मनापासून उलटं वाटत होतं, आणि शब्द मात्र दोघांचा एकच.

रात्री ओटीवर सासऱ्यांना, म्हणजे अण्णांना, सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "अगो, तू घेतलंस काय ते सांग. इसार घेतलास की नुसते आगाऊ पैसे?"

मला उत्तर देता आलं नाही. मी अ‍ॅडव्हान्स घेतला होता.

मग तेव्हापासून मी या शब्दाच्या मागेच लागले. आपल्याकडे पैसे आधी देण्याला एक शब्द नव्हता, पाच-सहा होते, आणि त्यातल्या प्रत्येकात सौदा मोडला तर पैशांचं काय हे आतच बसलेलं होतं. इसार म्हटलं की पैसे देणाऱ्याने माघार घेतली तर गेले. आगाऊ म्हटलं की किमतीतला भाग आधी दिला, बाकीचा नंतर. अनामत म्हटलं की ते पैसे तुमचेच, फक्त माझ्याकडे ठेवलेत, खोली सोडलीत की परत. उचल म्हटलं की कर्ज, कामातनं किंवा मालातनं फेडायचं. नमन किंवा जाखडी या आमच्या कोकणातल्या लोककला करणाऱ्या मंडळांना कार्यक्रम ठरवताना देतात ती सुपारी, दुसरीकडे बयाणा म्हणतात. हे सगळे शब्द एका अ‍ॅडव्हान्सने गिळले आणि भांडणं मात्र तेवढीच राहिली, उलट वाढली, कारण आता पैसे देताना कोणाला काही विचारावंच लागत नाही.

इंग्रजीतसुद्धा हा शब्द तसा मोघमच. मूळ लॅटिन आबांते, म्हणजे पुढून, त्याचं जुन्या फ्रेंचमधे आव्हांसिए झालं आणि तिथून इंग्रजीत गेलं. त्यातला ड तर सोळाव्या शतकात चुकून घुसला, लोकांना वाटलं की लॅटिनच्या अ‍ॅड या उपसर्गापासून शब्द आलाय. म्हणजे अर्थ एवढाच, पुढे. कशासाठी पुढे, मोडलं तर काय, त्यात काहीही नाही. आपला आगाऊही तसाच, अग्र वरून आलेला. आणि गंमत बघा, आगाऊ पैसे असतात तसं आगाऊ कार्टंही असतं, आणि आजी लोक जीन्स घातलेल्या नातीला "फार अ‍ॅडव्हान्स झालीय" म्हणतात तेव्हा तोच पूल दुसऱ्या बाजूने ओलांडतात. हे मला फार आवडलं.

रेल्वेचं अजून वेगळं. गणपतीला येणारे आमचे चाकरमानी ज्या अ‍ॅडव्हान्स बुकिंगवर डोळा ठेवून असतात, त्यात पैसे पूर्ण भरावे लागतात, आधी असते ती फक्त तारीख. पूर्वी १२० दिवस आधी तिकीट काढता यायचं, १ नोव्हेंबर २०२४ पासून ते ६० दिवसांवर आलं. तिथे अ‍ॅडव्हान्स म्हणजे वेळ, रक्कम नाही. आमच्या जाऊबाई जिल्हा परिषदेच्या शाळेत आहेत, त्यांना दिवाळीला मिळतो तो फेस्टिव्हल अ‍ॅडव्हान्स, कागदावर सण अग्रिम, बिनव्याजी, पगारातनं दहा हप्त्यांत कापला जातो. तो सरळ उचलच. सरकारी हिशेबात तसलमात असाही एक शब्द आहे, नगरपालिकेच्या कागदांत अजून दिसतो, कामासाठी आधी घेतलेली रक्कम जिचा हिशेब नंतर द्यायचा. बघा, सरकारने निदान शब्द तरी वेगळे ठेवलेत.

पण खरी गोष्ट उचलीची. ती आमच्या घरात आहे.

अण्णांची कलमं आहेत, फार नाहीत, पण हापूस आहे. पावसात कल्टार, म्हणजे मोहोर यावा म्हणून द्यायचं औषध, घालायचं, मोहोर यायच्या सुमाराला फवारण्या सुरू होतात त्या फळ धरेपर्यंत, मग राखण, मग काढणी, पेट्या, पेंढा, गाडीभाडं. पैसे येणार मार्च-एप्रिल-मे मधे आणि खर्च सुरू होतो जुलै-ऑगस्टमधे. मधले आठ महिने कुठून आणायचे? तर वाशीच्या मार्केटातला दलाल फोन करतो, "अण्णा, काय लागतील ते सांगा." अण्णा सांगतात, पैसे येतात. याला हल्ली सगळे अ‍ॅडव्हान्सच म्हणतात. आता यात एक गोष्ट नीट बघण्यासारखी आहे. होमस्टेच्या अ‍ॅडव्हान्समधे बारा हजार आधी ठरलेले असतात, त्यातले चार आधी. आंब्याच्या अ‍ॅडव्हान्समधे भाव ठरलेलाच नसतो! पेटी मार्केटात उघडेल त्या दिवशी जो भाव निघेल तो. म्हणजे हा किमतीचा भाग नाहीच, कशाचा भाग काढणार, किंमतच नाही. हे कर्ज आहे आणि त्याला तारण झाडावर न आलेलं फळ. व्याज कुठेही लिहिलेलं नसतं. पण पेटी त्याच्याच गाळ्यावर जायची हे दोघांनाही न बोलता माहीत असतं, शेजारच्या गाळ्यावर दोनशे रुपये जास्त मिळत असले तरी विचारायला जाता येत नाही. ते दोनशे रुपये म्हणजेच व्याज, असं मी धरते.

आमचा दलाल वाईट माणूस नाही हे आधीच सांगते, ज्या वर्षी थ्रिप्स किडीने मोहोर खाल्ला त्या वर्षी त्याने एकदाही तगादा लावला नाही. पण म्हणून ती उचल नव्हे असं होत नाही. २०१६ साली कायद्यात बदल झाला की फळांची अडत, म्हणजे दलालाचं कमिशन, शेतकऱ्याकडून न घेता खरेदी करणाऱ्याकडून घ्यायची, चांगलंच झालं, पण उचल म्हणजे अडत नव्हे, ती कापली जाणारच. म्हणूनच तिला तिच्या नावाने हाक मारावी असं मला फार वाटतं. अ‍ॅडव्हान्स म्हटलं की पैसे मिळाले असं वाटतं. उचल म्हटलं की फेडायचेत हे आठवतं.

ह्यांच्या मावसभावाची रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदरात बोट आहे, तिकडची गोष्ट आणखी अवघड. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद, १ ऑगस्टला सुरू, आणि खलाशी बरेचसे नेपाळचे, काही कर्नाटकातले. ते यावेत म्हणून पावसातच त्यांना पैसे पाठवायला लागतात, कारण तांडेल, म्हणजे बोट चालवणारा, तयार, डिझेल, बर्फ तयार, पण माणसं नसली तर बोट जेटीलाच. काही पैसे घेऊन येतच नाहीत, काही दुसऱ्याच्या बोटीवर जातात, भावजींचे एका वर्षी बरेच पैसे असे बुडाले आणि घरात किती रडारड झाली ती मी बघितलीय. पण दुसरी बाजू पण सांगायलाच हवी. घेतलेले पैसे फिटेपर्यंत माणसाला दुसरीकडे जाताच येत नसेल, तर त्याला कायदा वेठबिगारी म्हणतो. १९७६ चा वेठबिगार निर्मूलनाचा कायदा आहे ना, त्याच्या व्याख्यांमधे पहिलाच शब्द कुठला आहे माहितीये? अ‍ॅडव्हान्स. रोख असो की वस्तूत, एकाने दुसऱ्याला दिलेला अ‍ॅडव्हान्स. हे वाचलं तेव्हा मला काटा आला. मी ज्या शब्दापुढे नुसतं "मिळाला, धन्यवाद" लिहून मोकळी होते, त्याच शब्दावर कोणाचं सगळं आयुष्य बांधलं जाऊ शकतं. भावजींना वाचून दाखवलं, ते बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले, "वहिनी, पण मग बोट कशी काढायची ते पण लिहिलंय का त्यात?" ते लिहिलेलं नाही. त्यांचा प्रश्न खरा आहे आणि माझ्याकडे त्याला उत्तर नाही.

आता परत माझ्या चार हजारांकडे. आमच्या आळीत संस्कृतचे निवृत्त सर राहतात, त्यांच्याकडे विषय काढला तर ते खुर्चीतनं उठलेच, म्हणाले, हा शब्द तर अमरकोशात आहे, सत्यंकार. सौदा खरा करणारा. कोल्हापूरकडे जमिनीच्या साठेखताला संचकारपत्र म्हणतात, त्यातला संचकार तो हाच. पैसे देऊन आपण शब्द खरा करतो, किती सुंदर कल्पना आहे ही. आणि सरांनी पुढे सांगितलं ते मला कोणीच सांगितलं नव्हतं, की याज्ञवल्क्यस्मृतीत असं आहे की सत्यंकार म्हणून घेतलेलं द्रव्य घेणाऱ्याने शब्द मोडला तर दुप्पट परत करायला लावावं. म्हणजे इसार दोन्ही बाजूंनी बांधतो. देणारा फिरला तर त्याचे पैसे गेले, घेणारा फिरला तर त्याने दुप्पट द्यायचे. आपण हॉटेलवाले लोक पहिला अर्धा तेवढा लक्षात ठेवतो.

कोर्टाचंही बघितलं. नुसतं अ‍ॅडव्हान्स लिहून पैसे जप्त करता येत नाहीत. सुप्रीम कोर्टाने २०१२ च्या एका निकालात स्पष्ट म्हटलंय की सौदा पाळण्याची हमी म्हणून दिलेली रक्कम, म्हणजे इसार, असेल तरच ती जप्त होते, आणि तसं करारात साफ लिहिलेलं पाहिजे, किमतीचा नुसता भाग आधी दिला असेल तर नाही. म्हणजे त्या पुण्याच्या दादांचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मी लिहिलंच नव्हतं ना. (फ्लॅट घेणाऱ्यांसाठी जाता जाता, रेरामधे नोंदणीकृत करार झाल्याशिवाय बिल्डरला किमतीच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त घेता येत नाही, त्याने त्याला अ‍ॅडव्हान्स म्हणो की अर्जाची फी.)

त्यांच्या दोन खोल्यांपैकी एक शेवटी ३० तारखेला गेली. मी त्यांना दोन हजार परत पाठवले आणि हिशेबही लिहिला, कुठली खोली गेली, कुठली रिकामी राहिली. त्यांनी उत्तरात मुलीचा फोटो पाठवला, बरी झाली होती, हातात मोसंबं.

आता मी बुकिंगला जो मेसेज पाठवते त्यात अ‍ॅडव्हान्स शब्दच ठेवला नाहीये. असं लिहिते: "हे पैसे इसार आहेत. सात दिवस आधी कळवलंत तर पूर्ण परत. त्यानंतर कळवलंत आणि खोली दुसऱ्या कोणी घेतली तर पूर्ण परत, नाही गेली तर परत नाही. आमच्याकडून रद्द झालं तर आम्ही दुप्पट देऊ." हे वाचून निम्मे लोक फोन करून विचारतात इसार म्हणजे काय, मी सांगते, दोन मिनिटं लागतात. मे महिन्यात ऐन गर्दीत बोअरची मोटर जळली आणि दोन दिवस पाणी नाही, एका कुटुंबाला नाही म्हणावं लागलं. दोन हजार घेतले होते, चार पाठवले. ह्यांना पटलं नव्हतं, अण्णांना पटलं.

त्याच आठवड्यात आंब्याची शेवटची पट्टी, म्हणजे दलालाचा हिशेबाचा कागद, आली. वर पेट्या, भाव, खाली हमाली, भाडं, आणि त्याखाली छापलेलं अ‍ॅडव्हान्स वजा. अण्णा पट्टी फाइलला लावायच्या आधी चष्मा लावून पेन घेऊन बसले, अ‍ॅडव्हान्सवर एक रेघ मारली आणि बाजूला आपल्या जुन्या वळणाच्या अक्षरात लिहिलं, उचल. मग खाली, बाकी एकवीस हजार, पुढच्या वर्षी.