अण्णांच्या नावाचा न्यास: एका शब्दापायी सात महिने

अण्णांच्या नावाने न्यास नोंदवायला अकरा महिने लागले. त्यातले सात एका शब्दापायी गेले, आणि त्याचा राग अजून उतरलेला नाही.

अण्णा समाजवादी कार्यकर्ते. १५ ऑगस्ट १९५५ ला गोव्याच्या सीमेवर पोर्तुगीजांनी निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या झाडल्या, तेव्हा एकविसाव्या वर्षी ते पत्रादेवीला होते. आणीबाणीत तुरुंगात गेले, पुढे नगरसेवक झाले. ते गेल्यावर आम्हा भावंडांचं ठरलं: पुतळा नको. शाळांमधून संविधानाची शिबिरं घ्यायची आणि गावातलं सलोख्याचं काम चालू ठेवायचं.

न्यासपत्र, संमतिपत्रं, अर्ज, सगळं महिन्याभरात झालं. उद्देशांच्या पहिल्याच कलमात मी लिहिलं होतं, ‘अण्णांच्या राजकीय विचारांचा प्रसार करणे’. धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात ‘राजकीय’खाली पेन्सिलने रेघ मारून फाईल परत मिळाली. कारण तोंडी, तेही अर्धवट: “हे चालणार नाही.”

मी ‘सामाजिक व राजकीय’ केलं. परत. मग शब्दच बदलून पाहिला, तर एका विश्वस्ताच्या पत्त्याचा पुरावा जुना निघाला. तो पहिल्या दिवसापासून त्याच फाईलमध्ये होता! एका खेपेला एकच त्रुटी, पुढची पुढच्या खेपेला. दर वेळी एसटीने दीड तास, आणि साहेब मीटिंगला. म्हणून सांगते, त्रुटी लेखी मागा, सगळ्या एकदम मागा, आणि आवक क्रमांक, म्हणजे कागद मिळाल्याचा नोंद क्रमांक, घेतल्याशिवाय तिथून हलू नका. मी तो पाचव्या खेपेला मागितला.

शेवटी ओळखीच्या एका वकीलबाईंनी दहा मिनिटांत उलगडून सांगितलं. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियम, १९५०, कलम ९: गरिबांना मदत, शिक्षण, वैद्यकीय मदत आणि सार्वजनिक हिताचं काम, हे धर्मादाय हेतू. राजकीय हेतू त्यात बसत नाही. नियम मला पटला. पण हे खिडकीवर कुणी सांगितलं असतं तर?

त्या रात्री मी कपाटातून अण्णांची वही काढली. शंभर पानी, निळी शाई, डिसेंबर १९९२. तेव्हा गावात रात्रीची गस्त त्यांनी लावली होती. प्रत्येक ओळीत दोन नावं, एक पेठेतलं, एक मोहल्ल्यातलं. पुढे वेळ, ‘११ ते २’, आणि चहा कुणाच्या घरी. अशी एकोणीस पानं. अण्णांचं सगळं राजकारण त्या पानांत होतं, तो शब्द न वापरता. ती समोर ठेवूनच नवं कलम लिहिलं: संविधानाचं लोकशिक्षण, वाचनालय, धार्मिक सलोख्यासाठी संवाद. ते मंजूर झालं. चौकशीत मला दोनच प्रश्न विचारले.

(जुनी पत्रं, वह्या आधी स्कॅन करा. मूळ कागद कुठल्याही कार्यालयात देऊ नका, आणि पाठीमागे पेनने काही लिहू नका.)

प्रमाणपत्र हातात आलं तेव्हा मी बाहेरच्या बाकावर बसून रडले.

एक राहिलंच. विश्वस्त बदलला तर ९० दिवसांत बदल अहवाल द्यावा लागतो. आम्हाला तो लगेच द्यावा लागला. अण्णांबरोबर सीमेवर गेलेले काका आमचे पहिले विश्वस्त. नोंदणीनंतर दुसऱ्याच महिन्यात ते गेले. त्यांच्या जागी पेठेतल्या शाळेतली एक तरुण शिक्षिका घेतली आहे. वहीतल्या चौथ्या पानावर तिच्या आजोबांचं नाव आहे.