गुलाबी न्हाणीघर

आपल्या माघारी कोणी प्रेमाने आपले घर लावून ठेवले, की त्या माणसावर रागावता येत नाही आणि हिंगाची डबीही सापडत नाही. माझ्या एका मावशीने एकदा माझ्या स्वयंपाकघरातले सगळे डबे उंचीनुसार मांडून ठेवले होते, आणि ‘किती छान दिसतंय’ असे तिला फोनवर सांगत मी पुढचे पंधरा दिवस बिनहिंगाची आमटी खाल्ली. डॉमिनिक मोल या दिग्दर्शकाचा २००० सालचा फ्रेंच चित्रपट पाहताना मला ती डबी सारखी आठवत होती. त्याच्या नावाचा अर्थ ‘हॅरी, तुमचे भले इच्छिणारा मित्र’ असा होतो. फ्रेंच माणसे ‘ह’ उच्चारत नाहीत, त्यामुळे पडद्यावर तो ‘आरी’ होतो, आणि चांभाराच्या हातातली आरी ज्याने पाहिली आहे त्याला हे नाव आधीच जरासे टोचते.

उन्हाळ्याच्या सुट्टीत मिशेल आणि क्लेर तीन लहान मुलींना घेऊन, गार हवेची सोय नसलेल्या जुन्या गाडीतून, आपल्या पडक्या घराकडे निघालेले असतात. वाटेत एका विश्रांतिस्थळाच्या प्रसाधनगृहात मिशेल थांबतो, तर एक माणूस त्याच्याकडे टक लावून पाहत उभा असतो. हा शाळासोबती हॅरी. मिशेलला त्याचे नावसुद्धा आठवत नाही. त्याला मात्र मिशेलची शाळेच्या मासिकात छापून आलेली कविता मुखोद्गत आहे, आणि ती तो जेवणाच्या टेबलावर, एकही शब्द न चुकता, इतक्या भक्तिभावाने म्हणून दाखवतो, की हसावे की उठून दाराला कडी लावावी हेच आपल्याला कळत नाही. कविता पौगंडवयातल्या कवितांइतकीच वाईट आहे, हे वेगळे.

परंतु माझ्या मते या गोष्टीतला पहिला गुन्हा हॅरीचा नाहीच. घरी पोहोचल्यावर दिसते, की मिशेलच्या आईवडिलांनी मुलाला न विचारता, आनंदाचा धक्का म्हणून, त्या पडक्या घरात झगझगीत गुलाबी रंगाचे नवेकोरे न्हाणीघर बांधून दिले आहे. बाकी घराची पडझड तशीच आणि मधोमध हा गुलाबी कल्लोळ! मिशेलचा चेहरा त्या वेळी पाहण्यासारखा होतो. कारण आभार तर मानावेच लागतात.

हॅरी त्याच वाटेने फक्त थोडा पुढे जातो. गाडी जुनी झाली, तर तो नवी भलीमोठी गाडी आणून दारात उभी करतो. आईवडील आणि भाऊ मिशेलच्या लेखनाच्या आड येतात असे वाटले, तर तो त्यांनाही दूर करतो, कायमचे. सेर्जी लोपेझ या कॅटलान नटाने हे काम कुठेही डोळे न वटारता, लग्नघरात राबणाऱ्या हौशी पाहुण्याच्या प्रसन्न चेहऱ्याने केले आहे, आणि फ्रान्सचा सेझार पुरस्कार त्याला मिळाला तो उगाच नव्हे. आपल्याला हसू येते आणि लगेच त्या हसण्याची लाज वाटते, कारण तोवर आपणही मनातल्या मनात त्या आईवडिलांना कंटाळलेलो असतो. मिशेलने जे स्वतःशीसुद्धा कबूल केले नसेल, ते हॅरी ऐकतो आणि त्याची अंमलबजावणी करतो.

अडचण अशी, की मदत लागू पडते. वर्षानुवर्षे एक ओळ न लिहिलेला मिशेल रात्री उठून त्याच गुलाबी न्हाणीघरात बसून पुन्हा लिहू लागतो. पुढे पाळी क्लेरवर आणि मुलींवर येणार हे उमगते, तेव्हा तो हॅरीला सुऱ्याने संपवतो आणि अंगणातल्या जुन्या विहिरीत पुरतो. त्याने लिहिलेली गोष्ट क्लेरला मनापासून आवडते. सुट्टी संपते आणि कुटुंब परत निघते. उकाडा नाही, रडारड नाही, सगळे कसे निवांत.

हॅरीने दिलेली गाडी कोणीही परत केलेली नसते.