वडिलांची वही

2021 ची भाऊबीज. ओवाळून झालं आणि धाकट्याने पिशवीतून हक्कसोडपत्राचा मसुदा काढला. "आक्का, एवढी एक सही कर." मला रडूच आलं. सही मात्र केली नाही.

माझं लग्न 1991 चं, आण्णा, म्हणजे माझे वडील, गेले 2002 साली. राज्याने 1994 मध्ये मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत मुलांसारखा हक्क दिला, पण 22 जून 1994 च्या आधी लग्न झालेल्यांना तो नव्हता. हाच हक्क देशभर देणारी हिंदू वारसा कायद्याची 2005 ची दुरुस्ती आली तेव्हा आण्णा नव्हते. म्हणजे आपलं काही नाही, असंच मी धरून चालले होते. वकीलबाईंनी विनीता शर्मा खटल्याचा निकाल समजावून सांगितला. 11 ऑगस्ट 2020 ला सर्वोच्च न्यायालयाने मुलीचा हक्क जन्मापासूनचा मानला. 9 सप्टेंबर 2005 ला वडील हयात असलेच पाहिजेत, ही अट राहिली नाही. त्याच आधारावर वाटपाचा दावा लावला.

भावांनी कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, लिहिलं, 1999 लाच तोंडी वाटणी झाली. 20 डिसेंबर 2004 च्या आधीची वाटणी कायद्याने टिकते, पण त्याला रजिस्टर दस्त किंवा कोर्टाचा हुकूमनामा लागतो. नुसत्या तोंडी सांगण्यावर कोर्ट सहसा विश्वास ठेवत नाही. सातबाऱ्यावर तर आण्णांनंतर आम्हा चौघांची नावं एकत्रच होती. कुणी सही मागितली तर आधी जुने फेरफार, म्हणजे जमिनीच्या हक्कबदलाच्या नोंदी, काढून बघा, हे मी आता प्रत्येक मैत्रिणीला सांगते.

खरी अडचण खताच्या दुकानाची. परवाना, जीएसटी, बँकेचं खातं, सगळं दादाच्या नावावर. घर एकत्र म्हणून धंदाही एकत्रच, असं कोर्ट धरत नाही. एकत्र कुटुंबाचा पैसा त्यात लागला, हे मलाच सिद्ध करायचं होतं. मग आईने ट्रंक उघडली. तळाशी लाल कापडाची खतावणी, हिशेबाची वही, होती. 1987 च्या पानावर जांभळ्या शाईत आण्णांचं अक्षर: 'ऊस बिल जमा, पैकी दुकानात घातले'. खाली रक्कम.

उलटतपासात वही दादापुढे ठेवली. तो बराच वेळ पानाकडे बघत राहिला आणि म्हणाला, "हे आण्णांचंच अक्षर." नाही म्हणाला असता तर दावा आणखी कितीतरी वर्षं चालला असता. त्या एका वाक्यासाठी मी त्याला कायम मानेन.

पुढे लोकअदालतीत तडजोड झाली. आठ एकर रान. आई, दादा, मी आणि धाकटा, प्रत्येकी दोन एकर. दुकान दादाकडे राहिलं, माझ्या हिश्शाची रक्कम तीन हप्त्यांत. मोजणीच्या दिवशी दोघेही भाऊ आले होते. माझ्या हद्दीचा दगड धाकट्याने स्वतः रोवला, माती पायाने दाबून घट्ट केली. नोटिशीचे पंधरा दिवस हरकतीविना गेले आणि फेरफार मंजूर झाला.

वही अजून कोर्टातच आहे. ती परत मिळावी म्हणून अर्ज दिलाय, त्यावर दादाचीही सही आहे.