एका 'व्ह'पायी

"तुमचा धंदा सगळा नियमात आहे म्हणून सरकारचं एक सर्टिफिकेट असेल ना, तेवढं व्हॉट्सअ‍ॅपवर टाका," असं पणजीच्या दुकानदारानं फोनवर सांगितलं. मी "होय की, टाकते" म्हटलं आणि फोन ठेवला. हा जून २०२४. बाहेर पाऊस, आत कांडपाचा दणदणाट. सर्टिफिकेट टाकलं ते दसरा होऊन गेल्यावर.

आमचं चटणी-मसाल्याचं काम आहे. बेळगाव जिल्ह्यातलंच तालुक्याचं गाव, नाव लिहीत नाही, कारण लायसन देणाऱ्या ऑफिसातला माणूस अजून त्याच टेबलावर बसतो आणि मला पुढंही त्याच्याकडंच जायचंय. घराच्या पुढच्या खोलीत कांडप, मागं भाजायची चूल. रंगाला ब्याडगी, झणक्याला संकेश्वरी. उन्हाळ्यात गावची मिरची कुटून द्यायची आणि उरलेलं वर्ष आपली कांदा-लसणाची चटणी पाकिटं भरून विकायची. गावात विकेपर्यंत कुणी काही विचारलं नव्हतं. पणजीचा माणूस चाळीस किलोची ऑर्डर द्यायला तयार झाला आणि मग कागद आले.

तर पहिली गोष्ट ही की तो म्हणत होता तसलं एक सर्टिफिकेट आमच्यासारख्यांना कुणी देत नाही. पाच-सहा खाती आपापला एकेक कागद देतात. ते सगळे एका फाइलला लावायचे, तेच तुमचं सर्टिफिकेट. आमच्या फाइलला लागले ते असे: जीएसटी, खाद्यपदार्थांची नोंदणी, दुकान नोंदणी, पाकिटबंद मालाची नोंदणी, वजनकाट्याचं पासिंग आणि ट्रेड लायसन, म्हणजे गावात धंदा करायचा स्थानिक परवाना. पहिली पाच मिळून महिन्यात झाली. सहाव्यानं बाकीचे तीन महिने खाल्ले.

जीएसटीचं आम्हा सीमेवरच्या लोकांनी नीट ध्यानात ठेवावं. आमची उलाढाल लहान, त्यामुळं जीएसटी लागत नाही असंच मी धरून चालले होते. पण माल राज्याबाहेर विकायचा म्हटलं की उलाढालीची मर्यादा बघत नाहीत, पहिल्या पाकिटापासून नोंदणी लागते. म्हणजे निपाणीच्या माणसानं बेळगावला माल दिला तर एक नियम, कोगनोळी नाका ओलांडून कागलला दिला तर दुसरा. जीएसटीचा नंबरच बघा की. आमचा २९ नं सुरू होतो, कागलचा २७ नं, गोव्याचा ३० नं. बाजाराला आम्ही तिन्हीकडं जातो. अर्ज भाच्यानं भरून दिला, त्यामुळं त्यात माझी फुशारकी काही नाही.

खाद्यपदार्थांच्या नोंदणीचंही तसंच. आमच्याएवढ्या धंद्याला वर्षाला शंभर रुपये फी होती, मी पाच वर्षांची एकदम भरली. १४ आकडी नंबर मिळाला, तो पाकिटावर छापायचा. पाकिटावर नाव-पत्ता, वजन, बनवल्याचा महिना-वर्ष, किंमत आणि तक्रारीसाठी फोन नंबर हेही लागतं. मी आधी दोन हजार लेबलं छापून घेतली आणि मग नंबर मिळाला. ती लेबलं आता पोरं वहीला मागच्या बाजूनं लावतात. तुम्ही नंबर हातात आल्यावर छापा.

काटा पास करायला नेला तेव्हा मी भांडायच्या तयारीनं गेले होते. तसं काही झालंच नाही. त्यांनी वजनं ठेवून बघितली, दुरुस्तीवाल्यानं काट्याच्या पोटाखालून तार ओवली, तिला शिशाची गोळी लावली आणि चिमट्यात दाबून तिच्यावर खूण उठवली. हरभऱ्याच्या डाळीएवढी ती गोळी, पण ती तुटलेली दिसली तर काटा बेकायदेशीर. पत्रक मिळालं, ते दुकानात दिसेल असं लावायचं. इलेक्ट्रॉनिक काट्याला हे दर वर्षी, लोखंडी वजनांना दोन वर्षांनी. घरी आल्यावर मी सासूबाईंना ती गोळी दाखवली. त्या म्हणाल्या, "एवढ्यासाठी पैसे घेतले?"

आता ट्रेड लायसन.

अर्ज ऑनलाइन भरला. घर सासूबाईंच्या नावावर, म्हणून उतारा त्यांचा, घरपट्टीची पावती त्यांची, त्यांचं संमतीपत्र आणि माझं आधार. आठ दिवसांनी अर्ज परत. शेऱ्यात कन्नडमधली एक ओळ. इथं एक सांगायला पाहिजे. कन्नड मला बोलता येतं, बाजारापुरतं चांगलं येतं, शिव्यासुद्धा येतात. वाचता येत नाही. आमची शाळा मराठी. जिल्ह्या-तालुक्यात एखाद्या भाषेचे लोक १५ टक्क्यांच्या वर असतील तर महत्त्वाच्या सूचना त्यांच्या भाषेतही द्याव्यात, असं १९५६ पासून ठरलेलं आहे. त्यावरची भाषणं ऐकतच आम्ही मोठे झालो. मला त्या दिवशी भाषण नको होतं, फक्त ती एक ओळ पाहिजे होती. मेडिकलवाल्यानं वाचून दाखवली: "हेसरु होंदाणिके आगुत्तिल्ल." नाव जुळत नाही.

कुणाचं नाव, कशाशी?

गेले विचारायला. टेबलावरचा माणूस विजापूरकडचा, वयानं माझ्यापेक्षा लहान. मी खुर्चीत बसायच्या आत त्याला शिंक आली. माझ्या फाइलला मिरचीचा वास लागलेला, त्याला मी तरी काय करणार. त्यानं रुमाल नाकाला लावला, स्क्रीन बघितली आणि म्हणाला, नाव जुळंना. म्हटलं, कुठलं? म्हणाला, नावच. मग म्हणाला, "सर्वर इल्लरी अक्का, नाळे बर्री." उद्या या. दुसऱ्या दिवशी शनिवार, सुट्टी निघाली.

तिसऱ्या खेपेला जरा जास्त कळलं. घर आहे चव्हाणांचं. अर्जदार चव्हाण नाही. मग अर्जदार या घरात कोण? घरचं माणूस नसेल तर संमतीपत्र चालत नाही, भाडेकरार लागतो. मी म्हटलं, अहो, मी त्यांची सून, वीस वर्षं त्याच घरात जेवते. तो म्हणाला, ते मला कळतंय, सिस्टीमला दाखवा. तिथं माझा आवाज चढला. मराठीत चढला, त्यामुळं त्याला शब्द कळले नसतील, सूर मात्र कळला. त्याचा परिणाम पुढच्या खेपेला दिसला, माझी फाइल ढिगाच्या तळाला गेली होती. तेव्हा आवाज चढवू नका. चढवायचाच असेल तर काम झाल्यावर चढवा.

घरी येऊन सासूबाईंना सांगितलं की तुमच्या-माझ्यात भाडेकरार करायला पाहिजे. त्यांनी चहाची बशी खाली ठेवली आणि विचारलं, "भाडं किती देणार?" त्या थट्टा करत होत्या की नाही हे मला अजून सांगता येत नाही.

मग कुणीतरी सांगितलं, अ‍ॅफिडेव्हिट करा, 'नावात फरक, व्यक्ती एकच' असं. स्टँप शंभराचा, पूर्वी वीसचा चालायचा. नोटरीच्या दारातल्या टायपिस्टनं माझं आधार बघितलं, पावती बघितली आणि इंग्रजीत टाइप करून दिलं. मी पैसे देऊन, सह्या करून, फाइलला लावून बाहेर आले. रस्त्यावर उभी राहून वाचलं तर त्यात लिहिलं होतं की चव्हाण आणि चव्हाण ही एकच व्यक्ती आहे. दोन्हीकडं इंग्रजी स्पेलिंग अक्षर न अक्षर सारखं. त्याचीही चूक नाही, इंग्रजीत फरक नव्हताच. फरक कन्नडमध्ये होता, आणि तो त्या क्षणापर्यंत ना मला दिसला होता, ना त्याला. तरी मी तो कागद टेबलावर नेऊन दिला, म्हटलं चालला तर चालला. टेबलावरच्या माणसानं तो दोनदा वाचला, शिंकला, आणि परत दिला.

हे सुटलं ते शेजारच्या पोरीमुळं. सातवीत आहे, कन्नड शाळेत जाते. चटणी न्यायला आली होती. फाइल कट्ट्यावर उघडी पडलेली. मी सहज म्हटलं, बघ गं बाई, यात आमचं नाव कुठं आहे? तिनं घरपट्टीच्या पावतीवर बोट ठेवलं आणि वाचलं, "चव्हाण." मग आधारवर बोट ठेवलं आणि म्हणाली, "काकू, हे चवन आहे."

मला खरं वाटेना. तिनं पेन्सिल घेऊन दोन्ही लिहून दाखवलं. कन्नडमध्ये जोडाक्षरातलं दुसरं अक्षर पहिल्याच्या खाली लटकतं. पावतीवर 'व' च्या खाली 'ह' लटकलेला, पुढं काना, शेवटी 'ण'. आधारवर खाली काही नाही, काना नाही, आणि शेवटी 'न'. इंग्रजीतली अक्षरं मशीननं जशी दिसली तशी कन्नडमध्ये वाचली आणि मला चवन करून टाकलं. आधार काढल्यापासून मी चवन होते. बँकेत, गॅसच्या दुकानात, सगळीकडं इंग्रजी ओळ बघतात म्हणून कुणाला कळलं नव्हतं. मुलगा हसून हसून च्यवनप्राश म्हणायला लागला, तो अजून म्हणतो.

त्या टेबलावरच्या माणसाला ते पहिल्या दिवसापासून दिसत होतं. बोट ठेवून "हे अक्षर" एवढं म्हणाला असता तर जुलैतच सुटलं असतं. माझा राग आहे तो एवढ्यावरच. नियम असू दे, अक्षर जुळायला पाहिजे हेही मान्य. पण कुठलं अक्षर, ते सांगायला सातवीतली पोर लागावी?

आधार दुरुस्तीला पन्नास रुपये लागले. ऑपरेटर स्क्रीन आपल्याकडं फिरवतो आणि "बघा, बरोबर आहे का" विचारतो. तेव्हा आपण सगळे इंग्रजी ओळ वाचतो आणि मान हलवतो. खालची कन्नड ओळ बघा. वाचता येत नसेल तर वाचणारं माणूस बरोबर न्या. मी त्या पोरीला रविवारी लिहून द्यायला लावलं, तो कागद स्क्रीनला लावून एकेक अक्षर ताडून बघितलं. ऑपरेटर वैतागला, वैतागू दे. आधारवरचं नाव जन्मात दोनदाच बदलून मिळतं, त्यातली एक संधी माझी 'ह' लटकवण्यात गेली.

नवीन आधार लावून अर्ज परत भरला. आता सिस्टीमला मी सून वाटले. टेबलावरचा माणूस दोन कागद शेजारी ठेवून म्हणाला, "मोदल हेळबेकित्तल्ला अक्का." आधी सांगायचं होतं की. मी काही बोलले नाही. ही माझी आयुष्यातली सगळ्यात मोठी सहनशीलता.

त्यानंतर पाहणी झाली. मोटर किती हॉर्सपॉवरची, भुकटी बाहेर उडते का, पाण्याचा निचरा, आणि बोर्ड. २०२४ च्या कायद्यानं बोर्डावर साठ टक्के कन्नड पाहिजे आणि ते वरच्या भागात. आमचा जुना बोर्ड नुसता मराठी होता, तो आधीच बदलून घेतला होता. वर मोठं कन्नड, खाली मराठी. पेंटर आमच्याच गल्लीतला, घरी मराठी बोलणारा, पण जन्म दोन्ही भाषांचे बोर्ड रंगवण्यात गेलेला. त्याला मी फक्त "चव्हाण मसाले" एवढं तोंडी सांगितलं होतं. त्यानं आधार मागितलं नाही, स्पेलिंग विचारलं नाही, पहिल्या झटक्यात 'व' च्या खाली 'ह' लटकवला. पाहणीला आलेल्यानं त्या बोर्डाचा फोटो घेतला आणि मला बरं वाटलं.

लायसन दिवाळीच्या आधी आलं. सगळे कागद स्कॅन करून पणजीला पाठवले. दुकानदाराचा फोन आला, "हे शेवटचं सगळं कन्नडमध्ये आहे. इंग्रजी नाही का?" मी म्हटलं, नाही. तो जरा थांबला आणि म्हणाला, "बरं, असू दे." चाळीस किलोची पहिली खेप चोर्ला घाटातून गेली.

हां, एक राहिलं. घरपट्टी थकलेली असेल तर ट्रेड लायसनचा अर्ज पुढं सरकत नाही, म्हणून आधी ती भरून पावती हातात ठेवा. आणि लायसन कधीही मिळो, मुदत ३१ मार्चलाच संपते. चार महिने झुंजून माझ्या हातात आलं ते पाच महिन्यांचं होतं. फेब्रुवारीत नूतनीकरणाला गेले तेव्हा फाइल नवी घेतली, चटणीच्या खोलीपासून लांब कपाटात ठेवलेली. तरी तो शिंकलाच.