माजलगाव परिसरातील ओव्यांचे चित्रीकरण : प्रवासाचा वृत्तांत

बीड जिल्ह्यातील माजलगावला रेल्वे नाही. परभणीला उतरून पाथरीमार्गे एसटीने जावे लागते. जात्यावरच्या ओव्यांवरील माहितीपटासाठी आम्ही हा परिसर निवडला, कारण अभ्यासक आणि सामाजिक कार्यकर्ते हेमा राईरकर व गी प्वातवाँ यांनी उभ्या केलेल्या ओवीसंग्रहातील काही ध्वनिमुद्रणे १९९६ साली येथील भीमनगरात झाली होती. मजूर जमवणाऱ्या मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, घेतलेली कुटुंबे दसऱ्याच्या सुमारास ऊसतोडीला जातात आणि पाडव्याच्या आसपास परततात. त्यामुळे हिवाळ्यात जाऊ नये. तेव्हा गावात बहुधा म्हातारी माणसे आणि लेकरेच असतात. आम्ही चैत्रात गेलो.

गेल्या गेल्या कॅमेरा काढू नये. ओवीत माहेर येते, भाऊ येतो, तशीच सासरची दुखणीही येतात, आणि ज्या बाईने ती पहाटे एकटीने गायलेली असते तिला ती उद्या साऱ्या गावाने ऐकावी असे वाटेलच असे नाही. म्हणून संमती कागदावरच्या अंगठ्यापुरती न ठेवता, चित्रण कुठे दाखवले जाणार हे सांगून तिच्याच बोलीत ध्वनिमुद्रित करून घ्यावी, आणि चित्रण पाहिल्यावर पुन्हा विचारावी. फ्रेंच दिग्दर्शक जाँ रूश आणि समाजशास्त्रज्ञ एडगर मोरँ यांनी पॅरिसवरील आपल्या १९६१ च्या माहितीपटात सहभागी माणसांनाच चित्रण दाखवले आणि त्यांच्या प्रतिक्रिया चित्रपटातच ठेवल्या. माझ्या मते मराठवाड्यात त्याहून एक पाऊल पुढे जाऊन वगळण्याचा अधिकारही बायकांनाच द्यायला हवा.

आम्ही समाजमंदिराच्या भिंतीवर धोतर ताणून कच्चे संकलन दाखवले. पुरुषांना त्या वेळी बाहेर थांबण्याची विनंती केली होती, आणि ती व्यवस्था आवर्जून करावी. एक आजी पडद्याजवळ सरकून म्हणाल्या, “एवढी एक ओवी काढा बाबा, सुनेला लागंल.” ती ओवी चालीच्या दृष्टीने सर्वांत सुरेख होती; तरीही ती काढली, आणि मूळ चित्रणही त्यांच्या डोळ्यांदेखत पुसले.

जात्याची घरघर आवाज गिळून टाकते, म्हणून छोटा माइक पदराला लावावा आणि जात्याचा आवाज वेगळा घ्यावा. गाण्यासाठी बुडालेल्या वेळेची रोजंदारी सर्वांना सारखीच द्यावी. गळा पाहून कमी-जास्त केल्यास मैत्रिणींत वितुष्ट येते. बहुतेक घरांत संगणक नसतो, तेव्हा प्रत्येकीच्या ओव्या मोबाइलवर चालतील अशा लहान फाइलींत करून गाव सोडण्याआधीच द्याव्यात.