टाकीत भरलेला रस

7 डिसेंबर 2023, गुरुवार. रात्रीचे आठ वाजत आले होते. मी डिस्टिलरीच्या कंट्रोल रूममध्ये उभा असताना आमच्या कार्यकारी संचालकांचा फोन आला. "सिरपची लाइन बंद करायच्या तयारीला लागा. दिल्लीहून पत्र आलंय, वाचून घ्या."

पत्र मोबाइलवर आलंच होतं. जेमतेम एक पान. साखर नियंत्रण आदेश 1966 मधल्या अधिकारांनुसार 2023-24 या इथेनॉल पुरवठा वर्षात उसाचा रस किंवा सिरप (आटवून घट्ट केलेला रस) इथेनॉलसाठी वापरू नये, आदेश तत्काळ लागू. बी हेवी मळीपासूनचा, म्हणजे थोडी साखर काढून उरलेल्या मळीपासूनचा, आधी ठरलेला पुरवठा चालू राहील.

मी दोनदा वाचलं. मग काचेतून बाहेर पाहिलं. चार फर्मेंटर, म्हणजे आंबवण्याच्या टाक्या, होत्या. तिन्ही भरलेल्यांत यीस्ट जोरात चाललेलं, चौथ्यात सिरप पडत होतं. रसाची दारू व्हायला तीस-बत्तीस तास लागतात, आणि एकदा यीस्ट मिसळलं की त्याची पुन्हा साखर होत नाही. 'तत्काळ' हा शब्द कागदावर ठीक होता. टाकीतल्या मालाला तो लावायचा कसा, ते पत्रात नव्हतं.

आमचा कारखाना कोल्हापूर जिल्ह्यातला, सहकारी. आदल्या हंगामाच्या उसाला वाढीव पैसे मिळावेत म्हणून नोव्हेंबरमध्ये आंदोलन पेटलेलं, त्यामुळे या भागातलं गाळप आधीच रखडलं होतं. गव्हाणीत मोळी पडून पुरते पंधरा दिवसही झाले नव्हते. सगळी मशिनरी आत्ता कुठे लयीत आली होती.

ही डिस्टिलरी कशी उभी राहिली, ते सांगायलाच हवं. 2018 नंतर केंद्राने कारखान्यांना इथेनॉलकडे वळा म्हणून सांगितलं. कर्जाच्या व्याजातला वाटा पाच वर्षं सरकार उचलणार होतं. पेट्रोलमध्ये 20 टक्के इथेनॉल मिसळण्याचं उद्दिष्ट 2030 चं होतं, ते 2025 वर आणलं. आदल्या पुरवठा वर्षासाठी रसापासूनच्या इथेनॉलला लिटरला 65 रुपये 61 पैसे ठरले होते, बी हेवीला 60 रुपये 73 पैसे, सी हेवीला, म्हणजे साखर पुरती काढून झाल्यावरच्या मळीला, 49 रुपये 41 पैसे. रसाला सर्वांत जास्त दर, म्हणजे रस वळवा हाच त्यातला सांगावा. तो ऐकून आम्ही बँकेत गेलो. सभासदांच्या सभेत मी स्वतः फळ्यावर आकडे मांडले होते. एक टन उसाच्या रसातून साधारण 70 लिटर इथेनॉल, आणि पैसे तीन आठवड्यांत.

तीन आठवडे हा मुद्दा बाहेरच्या माणसाला किरकोळ वाटेल. साखर कारखान्याचा जीव त्यातच असतो. ऊस तुटल्यापासून 14 दिवसांत शेतकऱ्याला एफआरपी (उसाचा किमान रास्त दर) द्यायची, हा कायदा. त्या हंगामात 10.25 टक्के उताऱ्याला (उतारा म्हणजे उसातून निघणाऱ्या साखरेचं प्रमाण) टनामागे 3,150 रुपये. एफआरपी केंद्र ठरवतं. साखर मात्र आम्ही वाटेल तेव्हा विकू शकत नाही. कोणत्या महिन्यात किती विकायची, तो कोटाही केंद्रातूनच येतो. किलोला 31 रुपयांच्या खाली विकायची नाही, हेही 2019 पासून ठरलेलं. म्हणजे कच्चा माल चार-पाच महिन्यांत रोखीने घ्यायचा आणि पक्का माल वर्षभर हप्त्याहप्त्याने विकायचा. मधली दरी बँकेच्या व्याजाने भरायची. इथेनॉलने ती दरी पहिल्यांदा कमी केली होती.

आमचे जुने चीफ केमिस्ट लेव्हीच्या काळातले. तेव्हा उत्पादनाचा ठरावीक हिस्सा सरकारला कमी दराने द्यावा लागे. रंगराजन समितीच्या अहवालानंतर 2013 मध्ये लेव्ही गेली, महिन्याचा कोटाही गेला. "आता धंदा आपल्या हातात आला," असं ते तेव्हा म्हणाले होते. 2018 च्या जूनमध्ये कोटा परत आला. तोही आम्हीच मागितला होता, कारण साखरेचे भाव कोसळले होते आणि थकबाकीचा डोंगर झाला होता. हे मी मुद्दाम लिहितोय. सरकारने आमच्यात पडू नये, असं आमच्या धंद्यातला कुणी प्रामाणिकपणे म्हणू शकत नाही. भाव पडला की आम्हीच दिल्लीला जातो.

असो. त्या रात्रीकडे येतो.

पहिला प्रश्न टाकीतल्या मालाचा. राज्य उत्पादन शुल्कचे निरीक्षक आमच्याच आवारात बसतात. त्यांच्याकडे रजिस्टर घेऊन गेलो. त्यांनी शांतपणे चारही फर्मेंटरच्या वेळा तपासल्या, पातळ्या मोजायला लावल्या आणि नोंद केली: आदेश हाती आला तेव्हा एवढा माल आंबवण्यात होता. आम्ही दोघांनी सह्या केल्या. पुढे विचारलं तर दाखवायला आमच्याकडे एवढंच होतं. चौथ्या टाकीचा व्हॉल्व्ह मी स्वतः बंद केला. आठ वाजून पस्तीस मिनिटं.

खरी अडचण पलीकडे, साखरेच्या बाजूला होती. निम्मं सिरप डिस्टिलरीला जाणार या हिशेबाने पॅनचं, म्हणजे सिरप उकळून साखरेचा दाणा पाडायच्या भांड्यांचं, काम ठरलेलं. आता सगळं सिरप पॅनवर आलं. पॅन भरले, सिरपच्या टाक्या काठोकाठ आल्या. चीफ इंजिनिअर म्हणाले, "गाळप उतरवल्याशिवाय इलाज नाही." रोज पाच हजार टन चालणारा कारखाना मध्यरात्रीपर्यंत साडेतीन हजाराच्या चालीवर आणला.

मी यार्डात गेलो. कडाक्याची थंडी होती. ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग फाटकाबाहेर रस्त्यावर गेली होती, पलीकडे बैलगाड्या सोडलेल्या. तुटलेला ऊस जितका वेळ पडून राहतो तितका उतारा घटतो आणि वजनही. बीडकडून आलेल्या ऊसतोड टोळीतली एक बाई गाडीच्या चाकाला टेकून पोराला पाजत बसली होती. तिच्या नवऱ्याने विचारलं, "साहेब, मिल मोडली का?"

"नाही, मिल चांगलीय."

"मग?"

मी म्हणालो, वरून कागद आलाय, दोन-तीन दिवस हळू चालेल. तो काही बोलला नाही. तोडणीचे पैसे टनावर मिळतात. गाडी रिकामी झाल्याशिवाय दुसरी खेप नाही, आणि मुकादमाची उचल तर अंगावर असतेच. त्या कागदाचा पहिला फटका बसला तो या माणसाला. त्याच्यापर्यंत कागद पोचायचा काही मार्गच नव्हता.

सरकारची काळजी खोटी होती असं मी म्हणणार नाही. त्या वर्षीचा ऑगस्ट शंभरहून अधिक वर्षांतला सर्वांत कोरडा गेला होता. आमच्या भागातही ऊस खुरटला होता. साखर कमी पडली तर घराघरात झळ बसते, हे मला मान्य आहे. पण हा अंदाज सप्टेंबरमध्ये सगळ्यांनाच दिसत होता. हंगाम सुरू होण्याआधी, ऑक्टोबरमध्ये जरी सांगितलं असतं, तरी आम्ही पॅनची तयारी केली असती, तोडणीचा कार्यक्रम बदलला असता. तेच बंधन तेव्हा निभावलं असतं.

आठ दिवसांनी, 15 डिसेंबरला, आदेश सैल झाला. देशभर मिळून 17 लाख टन साखरेइतका रस आणि बी हेवी मळी वळवायला परवानगी मिळाली. आमच्या वाट्याला आलं ते क्षमतेच्या मानाने थोडंच. हंगाम संपला तेव्हा महाराष्ट्रात साखर अंदाजापेक्षा जास्त झाली होती. ऑगस्ट 2024 मध्ये पुढच्या वर्षासाठीची बंधनं उठवली गेली. मधल्या काळात कर्जाचे हप्ते ठरल्या तारखेला जात होतेच.

आता आमच्या संचालक मंडळापुढे नवा प्रस्ताव आहे. मार्च 2025 मध्ये सहकारी कारखान्यांसाठी योजना आली. डिस्टिलरी मक्यावरही चालेल अशी करून घ्या, व्याजात सवलत देऊ. बिगरहंगामात प्लँट बंद राहणार नाही, हे तांत्रिकदृष्ट्या उत्तमच आहे आणि मी तसा अहवाल दिलाय. अहवालाच्या शेवटी एक ओळ हाताने लिहिली: मक्याच्या इथेनॉलचा दर आणि खरेदी किमान किती वर्षांसाठी बांधून मिळेल, हे कर्जावर सही करण्याआधी लेखी विचारावं.

पत्र गेलंय. उत्तर अजून यायचंय.