मेमरी कार्डाने उठवलेले नेव्हिगेशन

इंजिन बंद ठेवून गाडीतल्या नेव्हिगेशनचे अपडेट लावले आणि आधीच दमलेल्या बॅटरीने मध्येच मान टाकली. चूक सर्वस्वी माझी. त्यानंतर किल्ली फिरवली की पडद्यावर बोधचिन्ह उमटायचे आणि तिथेच थिजून राहायचे. गॅरेजमध्ये "अख्खा युनिटच बदलावा लागेल" असे सांगण्यात आले.

हा युनिट विंडोज सीईवर, म्हणजे छोट्या यंत्रांसाठीच्या विंडोजवर चालणारा, दहा-बारा वर्षांपूर्वीचा. आतली मुख्य प्रणाली अर्धवट लिहिली गेली असली, तरी तिला जागे करणारा छोटासा बूटलोडर शाबूत होता, आणि तो सुरू होताच आधी मेमरी कार्ड तपासतो. त्याच मॉडेलच्या गाडीच्या मालकाकडून मूळ ४ जीबीचे बूट कार्ड, म्हणजे युनिट सुरू करून देणारे मेमरी कार्ड, दोन दिवसांसाठी उसने मिळाले.

मूळ कार्ड गाडीत घालून धोका पत्करायचा नव्हता, म्हणून त्यावरच्या सगळ्या फायली घरातल्या ६४ जीबीच्या कार्डावर उतरवल्या. काहीच घडले नाही, कारण एवढी मोठी कार्डे एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलेली येतात आणि बऱ्याच जुन्या यंत्रांना ती वाचता येत नाहीत. मग ८ जीबीचे कार्ड फॅट३२ या जुन्या पद्धतीने फॉरमॅट करून पुन्हा फायली टाकल्या, तरी तेच. खरी गोम इथे होती: बूटसाठी लागणारा मजकूर कार्डाच्या अगदी सुरुवातीच्या सेक्टरांत (साठवणीच्या छोट्या कप्प्यांत), कोणत्याही फायलीच्या बाहेर लिहिलेला असतो, त्यामुळे कॉपी-पेस्टमध्ये तो येतच नाही. कार्डाची बाइट-न्-बाइट प्रतिमा, म्हणजे जशीच्या तशी पूर्ण नक्कल, घ्यावी लागते.

ती लिनक्सवरच्या 'डीडी' आज्ञेने घेतली आणि ८ जीबीच्या कार्डावर लिहिली. या आज्ञेत डिस्कचे नाव एका अक्षराने चुकले, तर ती निमूटपणे लॅपटॉपचीच डिस्क पुसून टाकते. त्यामुळे एंटर दाबण्यापूर्वी मी डिस्कची यादी तीनदा वाचली.

या वेळी बॅटरीला चार्जर जोडून कार्ड घातले. पडद्यावर एक पांढरी पट्टी मुंगीच्या गतीने सरकू लागली, ती संपल्यावर युनिट आपोआप बंद होऊन पुन्हा सुरू झाला आणि नकाशावर गाडी आमच्याच गल्लीत उभी दिसली.

तारीख मात्र साडेएकोणीस वर्षांहून अधिक मागची आहे. जीपीएसचे मूळ संकेत आठवडे १०२४ पर्यंतच (साडेएकोणीस वर्षांहून थोडे अधिक) मोजून पुन्हा शून्यावर येतात, तसे ते ६ एप्रिल २०१९ च्या मध्यरात्रीही आले, आणि युनिटमधल्या जुन्या जीपीएस रिसीव्हरला ते उमगलेले नाही. स्थान अचूक दाखवतो, म्हणून मी पडद्यावरचे घड्याळ तेवढे लपवून ठेवले आहे.